दक्षिणेकडे वळणारा अँटेना

तो गेल्याची बातमी मला शाळेच्या फोनवरून कळली. एकोडीच्या शाळेचे आताचे मुख्याध्यापक वयाने माझ्या मुलाएवढे आहेत. ते म्हणाले, "बाई, टीव्हीवाले सर गेले. आपल्या शाळेत शनिवारी श्रद्धांजली ठेवली हाय. तुमी त्यायच्या वर्गातल्या ना? मंग दोन शब्द तुमीच बोला."

मी हो म्हणाले आणि फोन ठेवला. वाईट वाटलं, नाही असं नाही. पण त्याच्याही आधी जे वाटलं ते लिहून टाकते, या वयात लपवून करायचं काय? वाटलं, मेल्यावरही हाच मोठा. मी त्या शाळेत तीस वर्षं खडू झिजवला. निवृत्तीच्या दिवशी मला शाल, नारळ आणि भिंतीवरचं घड्याळ मिळालं. ह्या माणसाने त्या शाळेत एकदाही पाय ठेवला नाही आणि ह्याचा फोटो तिथल्या प्रयोगशाळेत लागलेला आहे, तोही मी शिकवायचे त्या फळ्याच्या बरोबर वर.

आम्ही नागपूरला बी.एस्सी.ला एका टेबलावर प्रॅक्टिकल करायचो. मी शहापूरची, वसतिगृहात राहणारी. वडिलांनी तरुणपणी धम्मदीक्षा घेतली होती आणि तेव्हापासून आमच्या घरात एकच धोशा होता, शिका. तो नागपूरचाच, शर्टाला रोज इस्त्री. डोकं चांगलं होतं त्याचं, पण हाताच्या कामात सगळा आनंदीआनंद. लंबकाची लांबी मोजायची तर हा दोरा हुकापर्यंत मोजून मोकळा व्हायचा. ती गोळ्याच्या मध्यापर्यंत मोजायची असते. मी दर वेळी म्हणायचे, "गोळा काय तुझ्या सासऱ्याचा आहे, तसाच सोडून देतोस?" तो हसायचा, आकडा खोडायचा आणि माझ्या वहीतून उतरवून घ्यायचा. प्रॅक्टिकलला मी पहिली आले, तो माझ्या खाली.

कुणाला वाटेल प्रेमाबिमाचं काही असेल. तसलं काही नव्हतं. असतं तर एव्हाना विसरलेही असते.

पुढे एम.एस्सी.ला दोघांनाही प्रवेश मिळाला. त्याच उन्हाळ्यात माझे वडील अंथरुणाला खिळले आणि माझ्या पाठीवर तीन भावंडं होती. मी बी.एड. केलं आणि एकोडीला विज्ञान शिकवायला लागले. तो मुंबईला गेला, मोठ्या संस्थेत लागला, पदार्थवैज्ञानिक झाला. इथपर्यंत मला त्याचं काही वाटलं नाही, खरंच सांगते. तो तिकडे, मी इकडे. धानाच्या बांध्यांमधून चालत शाळेत जायचं, काचेच्या नळ्या स्वतः धुवायच्या, मुलांना हातात लंबक धरायला द्यायचा. मुलं मला 'सायन्सच्या बाई' म्हणायची. गावात एखाद्याचा रेडिओ बिघडला तरी आधी मला विचारायला यायचे. बरं चाललं होतं माझं.

मग शाळेला सरकारकडून टीव्ही मिळाला.

लाकडी कपाटात बसवलेला, दोन दारांचा, कुलपाचा. किल्ली हेडसरांच्या कमरेला. अँटेनासाठी गावातल्या माणसांनी जंगलातून चांगला लांब, सरळ बांबू आणला. तो प्रयोगशाळेच्या मागच्या भिंतीला लावून उभा केला आणि दोन ठिकाणी तारेने सैलसर बांधला, म्हणजे फिरवून दिशा लावता यावी. टॉवर पश्चिमेला, म्हणून अँटेनाचं तोंड पश्चिमेला. दर बुधवारी दुपारी शाळांसाठी विज्ञानाचा कार्यक्रम लागायचा. पहिल्या बुधवारी सगळी शाळा एका वर्गात कोंबली. शिवाय खिडक्यांना गावकरी. हेडसरांनी दारं उघडली, आधी पडद्यावर मुंग्या आल्या, मग चित्र आलं आणि चित्रात तो होता.

जरा जाड झाला होता. इस्त्री तीच. हातात दोरा, दोऱ्याला गोळा. गोड आवाजात, अगदी घरात येऊन बोलावं तसं बोलत होता. लांबी मोजताना थांबला, कॅमेऱ्याकडे बघून मिश्कील हसला आणि म्हणाला, "इथे बरेच जण चुकतात बरं का. गोळ्याच्या मध्यापर्यंत मोजायचं."

बरेच जण! माझ्या कानशिलात कोणीतरी लगावल्यासारखं झालं. अरे, बरेच जण कोण? तूच! मी तिथे मुलांच्या मागे उभी होते. कोणाला सांगणार? हेडसर वळून म्हणाले, "बाई, काय मस्त सांगून राहिला तो! पाहा, असं शिकवाले पायजे." महिनाभरापूर्वीच मी त्याच मुलांना तोच लंबक, तस्साच, शिकवला होता.

तेव्हापासून शाळेत माझं काही खरं राहिलं नाही. मी फळ्यावर काही लिहिलं की मागून आवाज यायचा, "बाई, टीव्हीवाले सर तर असं नाही सांगत." मी प्रयोग करून दाखवला की, "टीव्हीवाल्या सरांची मेणबत्ती लवकर विझते." अरे, त्यांची मेणबत्ती विझवायला मागे चार माणसं असतात! माझ्याकडे एक मेणबत्ती, तीही मी घरून आणलेली. मुलांना रागावून उपयोग नव्हता, त्यांची चूक नव्हती. पण माझा जळफळाट काही जात नव्हता. मंगळवारी मला जेवण जायचं नाही.

हेही सगळं मी गिळलं असतं, ती मुलगी नसती तर.

आठवीतली मुलगी. तलावाकाठच्या ढिवरांच्या घरची, बाप डोंग्यातून जाळं टाकायचा. तीस वर्षांत माझ्याकडे हुशार मुलं पुष्कळ आली, पण अशी एकच आली. गणित पटकन सोडवते म्हणून हुशार, अशातली ती नव्हती. तिला पटलं नाही तर ती पुढे जायचीच नाही. "काहून?" हा तिचा शब्द. बाकीची मुलं मधल्या सुट्टीत चिंचा पाडायची, ही प्रयोगशाळेत माझ्या मागे मागे. मी तिच्यासाठी माझं जुनं कॉलेजचं पुस्तक आणून ठेवलं होतं. मनात पक्कं केलं होतं की ही माझी. मला जिथे जाता आलं नाही तिथे ही जाईल, आणि विचारलं तर सांगेल की मला आमच्या बाईंनी शिकवलं.

टीव्ही आल्यावर तिसऱ्या की चौथ्या आठवड्यात मी तिला विचारलं, "मोठी झाल्यावर कोण व्हायचं?" तिने क्षणभरही विचार केला नाही. "टीव्हीवाल्या सरांसारखं."

मी हसले. चांगलं म्हणाले. पाठीवर हातसुद्धा फिरवला.

त्यानंतरच्या बुधवारी, मधल्या सुट्टीत, मी प्रयोगशाळेत एकटी होते. मागच्या खिडकीला लागूनच तो बांबू उभा होता. इतकी वर्षं झाली, पण तो क्षण मला नीट आठवतो, कारण मी काहीच ठरवलं नव्हतं. गजांतून उजवा हात बाहेर काढला, बांबू धरला आणि पिळला. वर तार करकरली. मी हात आत घेतला, साबणाने धुतला आणि वर्गात जाऊन बसले.

हेडसरांनी दारं उघडली. मुंग्या. नुसत्या मुंग्या आणि खरखर. कधी मधेच त्याचा एक कान दिसायचा, कधी अर्धा हात. मुलं हळहळली. बाहेर जाऊन अँटेना पुन्हा पश्चिमेला लावेपर्यंत वीस मिनिटांचा कार्यक्रम संपला होता. "वारा," हेडसर म्हणाले. मीही म्हणाले, "वाराच असेल." आणि मग मुलांना बसवून तोच धडा मी शिकवला. इतका चांगला मी आयुष्यात कधी शिकवला नसेल. ती मुलगी पहिल्या बाकावर, डोळे माझ्यावर. घरी जाऊन मी दोन भाकरी जास्त खाल्ल्या.

एकदा केलं असतं तर मनाला समजावलं असतं. मी ते सहा बुधवार केलं.

दुसऱ्या बुधवारनंतर गावकऱ्यांनी ठरवलं की बकऱ्या बांबूला अंग घासतात. त्यांनी बुडाशी बाभळीचे काटे रचले. तिसऱ्या बुधवारनंतर वानरांवर आळ आला, म्हणून कौलांवर डबे बांधले. हेडसर रविवारी सिनेमा बघायचे तेव्हा चित्र स्वच्छ यायचं, शेतीचा कार्यक्रमही स्वच्छ. हेडसर म्हणायचे, "या बुधवारचंच काहीतरी नडून राहिलं." अंगणात काटे, छपरावर डबे, आणि मी आत खिडकीशी. हसू येतं आता. तेव्हा मात्र मी अगदी गंभीर चेहऱ्याने त्यांच्याबरोबर बांबूभोवती फिरायचे.

सहाव्या बुधवारनंतर ती मुलगी वही घेऊन माझ्यासमोर उभी राहिली. दोनशे पानी वहीच्या शेवटच्या पानावर पट्टीने रेघा मारून तिने तक्ता केला होता. वार, वारा कुठून, अँटेनाचं तोंड कुठे, चित्र कसं, आणि शेवटचा रकाना 'कारण'. तो रिकामा.

"बाई, पाहा न. वारा कधी पूर्वेचा होता, कधी उत्तरेचा. बाबा जाळं टाकाले जाते तवा मी रोज विचारतो त्याले." आमच्याकडे मुलीही 'करतो, विचारतो'च म्हणतात. "एका बुधवारी तर पानही हालत नव्हतं. पन अँटेना दर खेपेले दक्षिणेकडंच वळते. काहून?"

मी तक्ता बघत राहिले. उजवा हात गजांतून बाहेर घातला की मनगट एकाच बाजूला जोर लावू शकतं. बांबू फिरतो तो दक्षिणेकडेच. हे मला त्या क्षणी कळलं, तेही तिच्या तक्त्यावरून.

"तारेला पीळ असतो," मी म्हणाले. "तार दिवसा तापते, पीळ उलगडतो आणि बांबू एकाच बाजूला फिरतो."

"मंग बाकीच्या दिवशी काहून नाही फिरत?"

"प्रत्येक गोष्टीला काहून काहून करू नये. जा वर्गात."

मी विज्ञानाची शिक्षिका. जिच्या प्रश्नांवर मी जीव टाकत होते, त्या मुलीला मी खोटं कारण सांगितलं आणि वर गप्प बस म्हणाले. तिने वही मिटली. "टीव्हीवाले सर म्हणतेत का पयले लिहाचं, मंग बोलाचं," एवढंच म्हणाली आणि गेली. तिथेही तोच!

त्या दिवसापासून मी बांबूला हात लावला नाही. पश्चात्ताप होऊन नव्हे, पकडलं जाण्याच्या भीतीने. चित्र पुन्हा स्वच्छ यायला लागलं. हेडसरांनी श्रेय बाभळीच्या काट्यांना दिलं.

पण मुलीने तोवर पत्र टाकलं होतं. ते मला कळलं तेव्हा फार उशीर झाला होता. शाळेला कार्ड आलं की येत्या बुधवारी आपल्या विद्यार्थिनीच्या पत्राला उत्तर दिलं जाईल. हेडसर कार्ड घेऊन गावभर फिरले. त्या बुधवारी वर्गात मुंगी शिरायला जागा नव्हती. मुलीचा बाप ओल्या पायांनी थेट तलावावरून आला होता. हेडसरांनी मला खास पुढची खुर्ची दिली, "सायन्सच्या बाई हायेत, पुढं बसा." मी बसले. पदराचं टोक मुठीत धरलं ते वीस मिनिटं सोडलं नाही.

त्याने तिचं पत्र वाचलं, सगळं, तक्त्यासकट. तक्ता पाटीवर मोठा काढून घेतला होता. मग म्हणाला, "ही वही माझ्या संशोधक विद्यार्थ्यांना दाखवायला हवी. बाळ, वारा तुझा गुन्हेगार नाही. वारा दर वेळी एकाच बाजूला ढकलत नाही. तापलेल्या तारेचं म्हणशील, तर ती बुधवार ओळखत नाही." वर्गात हशा पिकला. "जी गोष्ट वार ओळखते आणि दिशा ओळखते, तिला बहुतेक हात असतात. कोणाचे, ते मला इथून दिसणार नाही. तू तिथे आहेस. शोध, आणि सापडलं तर मला कळव."

वाटलं, आता सगळे वळून माझ्याकडे बघणार. आणि सगळे खरोखरच वळले, कारण तो पुढे म्हणाला, "पत्रात तुझ्या बाईंचं नाव आहे. त्या माझ्याच वर्गातल्या असतील तर तू भाग्यवान आहेस. लंबकाची लांबी मी कायम चुकीची मोजायचो. ती त्यांनी मला शिकवली."

टाळ्या वाजल्या. हेडसर उभे राहून टाळ्या वाजवत होते. जे मला हवं होतं ते त्याने सगळ्या गावासमोर, मोठ्या मनाने देऊन टाकलं होतं, आणि त्यामुळे तो मला आणखीनच सहन होईना. चुकला असता, खोटं बोलला असता, तर किती बरं झालं असतं. मी मुलीकडे पाहिलं. ती टाळ्या वाजवत नव्हती. ती माझ्यामागच्या भिंतीकडे बघत होती. भिंतीपलीकडे प्रयोगशाळा होती.

तिने कधी काही विचारलं नाही. दहावीला ती जिल्ह्यात नाव काढून गेली, मग लाखनीचं कॉलेज, मग नागपूर. तिची आणि त्याची पत्रं सुरू राहिली. माझ्याकडे ती दिवाळीला यायची, करंज्या खायची आणि सांगायची, सरांनी हे पुस्तक पाठवलं, सरांनी तिकडे शब्द टाकला, सर म्हणाले पीएच.डी. कर. मी ऐकायचे, अजून एक करंजी वाढायचे आणि आतून जळायचे. आज ती पदार्थविज्ञानाची प्राध्यापक आहे. तिच्या कॉलेजच्या टेबलावर त्याचा फोटो आहे, हे मी स्वतः जाऊन बघून आले. माझा नाही. मी तो शोधला होता, अगदी कपाटापर्यंत.

आता मी लाखनीला राहते. शनिवारी तिथून बसने एकोडीला गेले. त्याच प्रयोगशाळेत कार्यक्रम होता. त्याच्या फोटोला हार, समोर मुलं आणि प्रमुख पाहुणी ती. तिचे केस आता पांढरे व्हायला लागलेत. कार्यक्रम सुरू व्हायला अवकाश होता. ती माझ्याशेजारी येऊन बसली आणि पर्समधून ती वही काढली. पुठ्ठा गेलेला, पानं पिवळी.

"बाई, हे पान पाहा न जरा."

सहा बुधवार. चार रकाने भरलेले, पाचवा रिकामा. इतक्या वर्षांतही रिकामाच. हिला ठाऊक आहे, हे लक्षात आलं. मी विचारलं, "तुला कधी कळलं?"

"सर टीव्हीवर बोलले, त्याच बुधवारी. खिडकीतून हात घालून पाह्यला मी. डाव्या हातानं जमतच नाही, उजव्यानं फिरते. अना फिरते तं दक्षिणेकडंच."

"मग त्याला कळवलं असशील."

"नाही."

"त्याने विचारलं नाही?"

"किती खेपा विचारलं बाई. पत्रात विचारलं, भेटले तवा विचारलं. मागच्या वर्षी दवाखान्यात होते, तवाही म्हणाले का तो अँटेना कोण फिरवत होतं, आता तरी सांग. मी म्हणलं, सर, सापडलंच नाही." ती फोटोकडे बघत होती. "त्यायले मी आयुष्यात तेवढं एकच खोटं सांगतलं. आपल्या घरचं माणूस होतं न. कसं सांगाचं?"

इतकी वर्षं मी मोजत आले होते की तिने त्याला काय काय दिलं. ही एक गोष्ट तिने त्याला मरेपर्यंत दिली नव्हती. मला भरून आलं, आणि लाज वाटते सांगायला, फोटोकडे बघून मला थोडा आनंदही झाला. पण तो आनंद फार टिकला नाही. तिला पटल्याशिवाय ती पुढे जात नसे. अशा मुलीने माझ्यापायी एक रकाना जन्मभर कोरा ठेवला होता.

मी तिच्याकडे पेन मागितलं. पहिल्या बुधवारसमोर 'मी' लिहिलं आणि खालच्या पाच ओळींत 'वरीलप्रमाणे'.

मुख्याध्यापकांनी माईकवरून माझं नाव घेतलं. मी उठले. तिने वही आपल्याकडे ओढून घेतली आणि पानाच्या तळाशी, जिथे मी तीस वर्षं तिच्या आणि सगळ्यांच्या वह्यांमध्ये लिहीत आले, तिथे तिने लिहिलं, 'तपासले', आणि खाली सही केली.